सुनेच्या व्हायोलिनला पेटीची साथ

सून प्रथम घरात आली तेव्हा सामानाचे तीन डाग होते. दोन तिने मुलाकडे दिले. तिसरा, व्हायोलिनचा, कोणाच्याही हाती दिला नाही. हे मला पसंत पडले. नोकरीत असताना मोजणीची दुर्बीण मीही दुसऱ्याच्या हाती देत नसे.

माझी नोकरी वणीच्या कोळसा खाणीत, मोजणी विभागात झाली. आता निवृत्त आहे. मुलगा त्याच खाणीत विजेच्या कामावर आहे. दर गुरुवारी सायंकाळी आमच्या ओसरीवर भजन होते आणि पेटीची साथ माझ्याकडे असते. याखेरीज माझ्याविषयी सांगण्यासारखे फारसे नाही.

सून नागपूरची. तिथल्या शाळेत ती पाश्चात्त्य पद्धतीचे व्हायोलिन शिकली. ते उभे राहून वाजवतात. पहिल्या दिवशी पत्नीने स्वयंपाकघरातून डोकावून पाहिले आणि मला बाजूला घेतले.

"उभी काहून हाय ती? बसाले जागा नाई का घरात?"

"पद्धत आहे."

"कोणाची पद्धत? शेजारचे म्हंतीन, सून आणली अन् उभी ठेवली."

त्या दिवशी पत्नीने सुनेच्या मागे एक खुर्ची आणून ठेवली. सून तीवर कधी बसली नाही. खुर्ची तिथून कधी हलली नाही.

वणीहून यवतमाळला जाणाऱ्या रस्त्यावर एक नवी शाळा निघाली होती. तिला संगीत शिकवणारे कोणी हवे होते. सुनेचे वादन त्यांना आवडले, परंतु वरच्या परीक्षेचे प्रमाणपत्र हवे, तेही जूनअखेर शाळा उघडण्यापूर्वी, अशी त्यांची अट होती. ही परीक्षा परदेशातली एक संस्था घेते. वादनाचे चित्रण मोबाइलवर करून पाठवले की चालते. प्रमाणपत्र मिळाले नाही तर सुनेची नागपूरची जुनी शाळा तिला परत घेण्यास तयार होती. म्हणजे सून तिकडे, मुलगा इकडे, आणि भेट रविवारी. मुलगा यावर काही बोलला नाही. तो माझ्यावर गेला आहे. पत्नी बोलली.

"मंग लग्न कायले केलं?"

परीक्षेसाठी सुनेने सुमारे तीनशे वर्षांपूर्वीची एक रचना निवडली होती. त्या काळच्या संगीताला बरोक म्हणतात. रचना म्हणजे चार नृत्यांची माळ: अलमांद, कूरांत, साराबांद आणि जीग. पहिली संथ चालीची, दुसरी धावती, तिसरी गंभीर, चौथी उड्या मारणारी. नियम असा होता की चारही एका दमात वाजवाव्यात, चित्रणात कापाकापी करू नये आणि खालच्या स्वरांची साथ प्रत्यक्ष कोणीतरी करावी. ही साथ पियानोवर करतात. वणीत पियानो माझ्या पाहण्यात नाही. त्यामुळे तो वाजवणारा असण्याचा प्रश्न उद्भवत नाही.

एके दिवशी पत्नी म्हणाली, "तुमी पेटीवर वाजवसान का, असं ती इचारून राह्यली."

"तिने स्वतः का विचारले नाही?"

"तुमचं तोंड पाहून."

मी होकार दिला. साथ हे माझे काम आहे.

सुरुवात सूर जुळवण्यापासून झाली. पेटी पट्टीत किंचित चढी होती. पेटीचा सूर खुंटी पिळून बदलता येत नाही. सुनेने आपल्या तारा पेटीप्रमाणे चढवल्या. पत्नीचे म्हणणे असे की या घरात माझ्याबाबतीतही सर्वांनी हेच केले आहे.

मग स्वर आले. मी पाश्चात्त्य लिपी वाचत नाही, म्हणून सुनेने माझा भाग सरगमेत उतरवून दिला. तो पाहून मी चष्मा पुसला. भजनात पेटीवाला गाणाऱ्याच्या मागोमाग चालतो. तो जे गातो तेच वाजवतो. इथे माझा भाग सुनेच्या सुरावटीशी कुठेच मिळत नव्हता. ती वर जाई तेव्हा मी खाली येत होतो. ती नागमोडी वळणे घेई तेव्हा मी सरळ पावले टाकत होतो.

"बाबा, तुम्ही माझ्या मागे यायचं नाही," सून म्हणाली. "तुमची वाट वेगळी आहे. दोन वाटा मिळून गाणं होतं."

"आणि ह्या तीन पट्ट्या?"

"त्या एकदम दाबायच्या."

मी तीन पट्ट्या एकदम दाबल्या. पत्नी लाटणे घेऊन बाहेर आली.

"पेटीवर मांजर चढली का?"

"नाही."

"मंग कोणी चढलं?"

एका जागी माझा स्वर आणि सुनेचा स्वर अगदी शेजारचे होते आणि एकमेकांना खात होते. मी सौजन्याने माझा स्वर सोडून दिला. सुनेने गज थांबवला.

"बाबा, तो सोडायचा नाही. तुम्ही धरून राहायचं. मी एक पायरी उतरते, मग जमतं. आधी खटकलं पाहिजे, तरच नंतर गोड लागतं."

"यालेच हार्मनी म्हंते का?" पत्नीने विचारले.

"हो आई."

"मंग हे आमच्या घरी लग्नापासून चालू हाय. फक्त उतरते नेहमी मी."

साराबांदेवर माझा आक्षेप होता आणि तो मी नोंदवला. तीन मात्रांचा ताल, परंतु वजन दुसऱ्या मात्रेवर. सम पहिल्या मात्रेवर असते. घरात शिरणारा माणूस पहिले पाऊल हळूच टाकून दुसऱ्या पावलाला उंबरा दणाणवत नाही. सून म्हणाली की हे नृत्य दरबारी होते, त्यात नाचणारे दुसऱ्या मात्रेवर तोल धरून थांबत. दरबारात काय चाले याची मला माहिती नसल्याने मी आक्षेप मागे घेतला.

आमच्या मंडळाचे मुख्य गाणारे, ज्यांना सगळे बुवा म्हणतात, ते याच सुमारास एकदा चहाला आले. बुवा गावाबाहेरच्या बंजारा तांड्यावर राहतात. घरात गोरबोली बोलतात, आमच्याशी वऱ्हाडी. कापूस आणि तूर पिकवतात. त्यांचा आवाज असा आहे की भजन सुरू झाले की रस्त्यावरचा कोळशाचा ट्रक ऐकू येत नाही. मात्र मात्रांचा हिशेब त्यांना साधत नाही.

चारही नृत्ये ऐकून ते म्हणाले, "नाच हाय म्हंता. नाचणारे कोठी हायत?"

सून म्हणाली, "आता यावर कोणी नाचत नाही काका. नुसतं ऐकतात."

"उभं राहून?"

"नाही, बसून."

"नाचाचं गाणं, आयकणारे बसून, अन् वाजवणारी उभी. सारं उलटंच हाय बाप्पा!"

तरी जीग त्यांना भावली. तिच्यात तीन-तीन मात्रांचे लहान हिंदकळे असतात. "हे तं आमच्या होळीच्या लेंगी नाचाचं हाय," असे म्हणून त्यांनी कप खाली ठेवला आणि दोन्ही हात वर करून बैठकीत एक फेरा घातला. पत्नीला खुर्ची उचलून भिंतीशी न्यावी लागली. ती खुर्ची त्या दिवशी प्रथम हलली.

आता अडचणीकडे येतो. अडचण कूरांतेत होती.

माझ्या गुरुजींनी साथीचे दोन नियम शिकवले होते. गाणारा चुकला तर त्याला सावरून घ्यावे, असे की ऐकणाऱ्याला पत्ता लागू नये. आणि नंतर त्याविषयी बोलू नये, गाणाऱ्यापाशीही नाही. बुवांमुळे पहिल्या नियमाचा मला भरपूर सराव झाला आहे. ते समेच्या अलीकडे किंवा पलीकडे उतरतात. अशा वेळी मी स्वर लांबवून धरतो. धावत येणारा उतारू दिसला की एसटीचा वाहक घंटी मारत नाही, तसे. बुवा येऊन चढतात आणि गाडी सुटते. दुसऱ्या नियमामुळे हे मी त्यांना कधी सांगितले नव्हते.

कूरांतेच्या प्रत्येक भागाच्या शेवटी, समेवर येण्याच्या थोडे आधी, सून तालातून घसरत असे. तीन मात्रांचे वजन मध्येच कुठे तरी भलतीकडे पडे. मी ताबडतोब स्वर लांबवून तिची वाट पाही. ती येई, परंतु अडखळत. मग गज खाली घेऊन म्हणे, "पुन्हा घेऊ या का, बाबा?"

"घेऊ."

इतकेच. कारण तिनेही सांगितले नाही, मीही नाही. मला मनोमन वाटे, मुलगी हुशार आहे, एवढी एक जागा तिला जमत नाही. परीक्षेत हीच जागा तिला नागपूरला पाठवणार. म्हणून मी तिथे अधिकाधिक जपून सावरू लागलो. मी जितके सावरी तितकी ती अधिक अडखळे.

चित्रण मे महिन्यात सुरू झाले. कूलरचा आवाज येतो म्हणून तो बंद. वणीचा मे महिना ज्यांना ठाऊक आहे त्यांना अधिक सांगणे नको. मोबाइल तांदळाच्या डब्यावर उभा केला होता. पहिल्या खेपेस कुकरने शिटी दिली. दुसऱ्या खेपेस चंद्रपूरकडे जाणाऱ्या एका ट्रकने, गाय आडवी आली म्हणून, संपूर्ण अलमांदभर भोंगा वाजवला. तिसऱ्या खेपेस उघड्या खाणीत दुपारचा सुरुंग उडाला आणि खिडक्या थरथरल्या. साराबांद चालू होती. सुरुंग नेमका दुसऱ्या मात्रेवर उडाला.

"ताल बरोबर होता," सून म्हणाली.

त्या दिवशी मी हसलो, असे पत्नी सांगते. मला आठवत नाही.

परंतु कुकर, ट्रक आणि सुरुंग टाळूनही चित्रण पुरे होत नव्हते. ते कूरांतेतच फसत होते. असे करता करता पाठवण्याचा शेवटचा दिवस उजाडला. सकाळी सुनेचा चेहरा उतरलेला होता. मुलगा पहिल्या पाळीला गेला तो तिच्याकडे न पाहता गेला. मुलाच्या डब्यात काय भरले याकडे पत्नीचेही लक्ष नव्हते, कारण त्याला रिकामा डबा गेल्याचे मागाहून कळले.

बुवा त्या दिवशी सकाळीच आले. खिडकीत बसून बशीतून चहा घेत त्यांनी दोनदा कूरांत ऐकली. दोन्ही वेळा ती त्याच जागी मोडली. त्यांनी बशी खाली ठेवली.

"साहेब, तुमी काहून थांबले?"

"मी थांबलो नाही."

"थांबले जी. मह्यासाठी थांबता तसेच थांबले."

मंडळ सुरू झाल्यापासून माझी समजूत होती की बुवांना यातले काही माहीत नाही. मी पेटीच्या पट्ट्यांकडे पाहिले.

"पण पोरगी पडली नव्हती," बुवा शांतपणे म्हणाले. "पडणारा कसा दिसते ते मले ठाऊक हाय. म्या दर गुरुवारी पडतो. पडणाऱ्याचे डोये तुमच्याकडे येतात. तिचे डोये समोर होते."

सून माझ्याकडे वळली.

"बाबा, तुम्हाला वाटत होतं मी चुकते?"

"हो."

"मला वाटत होतं तुम्ही चुकता. मागे राहता. म्हणून मी थांबत होते."

"सांगितले का नाहीस?"

"तुम्ही का नाही सांगितलं?"

यावर उत्तर होते, पण ते गुरुजींचे होते. पत्नी दारातून म्हणाली, "म्हंजे दोघंई उंबऱ्यावर उभे. तुमी आधी, तू आधी. अन् घरात कोणीच नाई शिरत."

सून आम्हाला गच्चीवर घेऊन गेली. तिथे बाजेवर पत्नीच्या कुरडया वाळत होत्या, पहाटे घातलेल्या, अजून ओल्या. सुनेने त्यातल्या सहा दाखवल्या.

"हात नोको लावू," पत्नीने बजावले.

"नाही लावत, आई. बाबा, या सहा मात्रा. एरवी आपण त्या अशा मोजतो: इकडच्या तीन, तिकडच्या तीन. शेवटी येताना मी त्याच अशा मोजते: दोन, दोन आणि दोन. वजन बदलतं, म्हणून मी घसरल्यासारखी वाटते. मात्रा सहाच्या सहाच राहतात. तुमच्या भागात सहा सारखे स्वर आहेत, म्हणून तुम्हाला काही सांगावं लागेल असं मला वाटलंच नाही. तुम्ही नुसते चालत राहिलात की आपण दोघं एकदमच पोचतो."

या करामतीला त्यांच्याकडे हेमिओला म्हणतात. धावत्या नाचाला थांबण्यापूर्वी असा एक झोल देतात, म्हणजे थांबणे रुबाबदार दिसते. मी ते स्वतः मोजून पडताळण्यासाठी वाकलो. दोनदोन घेतले तर एक जोडी अपुरी पडत होती. मी वर पाहिले. बुवांचे तोंड भरलेले होते.

"ओली कुरडी लय गोड लागते जी," ते म्हणाले.

पाचांवर हा सिद्धांत लागू पडत नाही. पत्नीने त्या वेळी बुवांना जे सुनावले ते इथे देत नाही.

दुपारचा सुरुंग होऊन गेल्यावर आम्ही बसलो. कूलर बंद. कुकर उतरवलेला. बुवांना सक्त ताकीद देऊन दोन्ही तळहात मांड्यांखाली दाबायला लावले होते. पत्नी सुनेच्या मागच्या खुर्चीवर बसली. ती खुर्ची अखेर कोणाच्या तरी उपयोगी पडली.

अलमांद गेली. कूरांत सुरू झाली. समजणे आणि हात आवरणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. भजनात मी गाणाऱ्याच्या तोंडाकडे पाहतो. सावरण्याची सुरुवात तिथूनच होते. म्हणून मी सुनेकडे पाहिले नाही. समोरच्या भिंतीवर खाणीचे जुने कॅलेंडर आहे, त्याकडे पाहिले. ती जागा आली. माझ्या डाव्या बाजूला, सुनेकडे, ताल घसरला, नेहमीसारखाच. बोट पट्टीवर रेंगाळू पाहत होते. मी ते उचलले आणि पुढचे पाऊल टाकले. मग त्याच्या पुढचे. ती मला सोडून कुठे तरी चालली आहे, असे वाटत राहिले. आणि समेवर दोघे एकाच क्षणी उतरलो.

मी काहीही केले नव्हते. पेटीवर इतके अवघड काम मी पूर्वी कधी केले नाही.

साराबांद आणि जीग निर्विघ्न पार पडल्या. अखेरच्या स्वरानंतर थोडी शांतता ठेवायची होती. बुवांनी तळहात तसेच दाबून धरले होते, परंतु तोंडाविषयी त्यांना ताकीद दिलेली नव्हती.

"वा जी वा! काय पोरगी हाय!"

खिडक्या सुरुंगाइतक्या नाही, तरी थरथरल्या. दुसऱ्या खेपेला वेळ नव्हता. वणीच्या नेटवरून चित्रण जाईपर्यंत संध्याकाळ होणार होती. आहे तसेच पाठवले.

प्रमाणपत्र शाळा उघडण्याच्या आदल्या आठवड्यात आले. सून उत्तीर्ण झाली होती, चांगल्या श्रेणीत. सोबत परीक्षकाचा शेरा होता. कूरांतेचे शेवट विशेष डौलदार आहेत, असे त्यात म्हटले होते. साथीविषयी एकच ओळ होती: साथ भक्कम, किंचित कठोर. पत्नीने ती ओळ सुनेकडून दोनदा वाचून घेतली.

"म्या इतके वर्षं सांगून राह्यली," ती म्हणाली, "पण कोणी लेखी देलं नव्हतं."

बुवांच्या उद्गाराचा शेऱ्यात उल्लेख नव्हता. बुवांना ते लागले.

आता सून रोज सकाळी एसटीने शाळेत जाते. मुलगा रात्रपाळीहून येतो तेव्हा तिची बस सुटायची असते. तो थांब्यापर्यंत तिची व्हायोलिनची पेटी उचलून नेतो. ती आता त्याच्या हाती देते. हे मी खिडकीतून पाहिले. त्यावर भाष्य करण्याचे कारण नाही.

चित्रण पाठवले त्याच्या पुढच्याच गुरुवारी भजन होते. बुवांनी वरचा सूर लावला, रस्त्यावरचे ट्रक ऐकू येईनासे झाले, आणि समेच्या अलीकडे ते नेहमीच्या जागी घसरले. माझे बोट उचलले गेले. नवी सवय होती. मग त्यांचे डोळे माझ्याकडे आले. मी पट्टी पुन्हा दाबली आणि स्वर लांबवला. बुवा धावत आले आणि चढले. मंडळात कोणाला काही कळले नाही.

भजन संपल्यावर प्रसाद घेताना बुवा माझ्या शेजारी येऊन बसले. सून दाराशी उभी होती.

"साहेब," ते गंभीरपणे म्हणाले, "मघा तुमाले वाटलं असन म्या पडलो. तसं नाई. म्या तीनाचं दोन केलं होतं."

सुनेने तोंडाला पदर लावला. तिच्याकडे पदर नव्हता, ओढणी होती, तीच लावली.

गाणाऱ्यापाशी नंतर बोलू नये, असा नियम आहे. मी भात्याची कडी लावली, पेटी बंद केली, आणि बुवांना आणखी थोडा प्रसाद दिला.